दत्तक देशासाठी खेळणारे बॅडमिंटनपटू : पदक नक्की कुणाचं?

रानजाई
काल रात्री २०२१ च्या जागतिक स्पर्धेतली पुरुष एकेरीची अंतिम लढत पुन्हा पाहिली. हुएल्वा, स्पेन. आपला किदंबी श्रीकांत विरुद्ध सिंगापूरचा लोह कीन यू. जागतिक स्पर्धेच्या अंतिम फेरीत पोचलेला श्रीकांत हा पहिला भारतीय पुरुष, त्यामुळे त्या दिवशी आमच्याकडे देव पाण्यात ठेवायचेच बाकी होते. पहिल्या गेमला तो ९-३ असा पुढे होता. मग लोहने असा काही वेग लावला की बघता बघता २१-१५ ने गेम गेला. दुसऱ्यात श्रीकांत चिवटपणे लढला, पण २२-२० ला सगळं संपलं. उणीपुरी ४३ मिनिटं. तेव्हा रडू आलं होतं.

काल मात्र माझं लक्ष लोहकडेच होतं. मधल्या काळात त्याच्याबद्दल वाचलं होतं. हा मुलगा जन्माने मलेशियाचा, पेनांगचा. तेराव्या वर्षी शिष्यवृत्तीवर सिंगापूरला गेला, तिथल्या क्रीडा शाळेत वाढला, तिथलाच नागरिक झाला. मलेशियात बॅडमिंटन म्हणजे जीव की प्राण. ली चाँग वेईसारखा खेळाडू त्या देशाने दिला. त्याच्याकडे ऑलिंपिकची तीन रौप्यपदकं आहेत, पण जगज्जेतेपद नाही. त्या डिसेंबरपर्यंत मलेशियाला कुठल्याच प्रकारात जागतिक सुवर्ण मिळालेलं नव्हतं. आणि पेनांगमध्ये जन्मलेला हा पोरगा जगज्जेता झाला तो शेजारच्या देशाचा झेंडा छातीवर लावून.

मला खरंच जाणून घ्यायचंय, तुम्हाला काय वाटतं? असं पदक कुणाचं? जन्म देणाऱ्या देशाचं, घडवणाऱ्या देशाचं, की फक्त त्या खेळाडूचं? आणि देश बदलणाऱ्या खेळाडूकडे आपण कसं पाहावं? मला त्यांच्याबद्दल जो आदर वाटतो तो नीट शब्दांत मांडता येत नाहीये, म्हणून हा धागा.

पारिजातक
देवकीने जन्म दिला, यशोदेने वाढवलं. आपण कृष्णाला दोघींचा म्हणतोच की.

बॅकहँड
रानजाई, फार चांगला विषय काढलात. लोहबद्दल नंतर लिहितो, आधी मिया ऑडिना. माझ्या मते या विषयावर तिच्याइतकी विलक्षण कारकीर्द दुसरी नाही.

१९९४, जकार्ता, उबेर कपची, म्हणजे महिलांच्या सांघिक जागतिक स्पर्धेची, अंतिम लढत. इंडोनेशिया विरुद्ध चीन, २-२ अशी बरोबरी. इंडोनेशियाने हा कप १९७५ नंतर जिंकलेला नव्हता. निर्णायक एकेरीला इंडोनेशियाने कुणाला उतरवलं, तर १४ वर्षांच्या मियाला. समोर चीनची झांग निंग, मियापेक्षा चार वर्षांनी मोठी. घरचं मैदान, घरचे प्रेक्षक, सगळ्या देशाचा भार आठवी-नववीतल्या मुलीच्या खांद्यावर. आणि मिया तीन गेममध्ये जिंकली. त्या एका सामन्याने ती घराघरात पोचली. १९९६ ला पुन्हा उबेर कप, त्याच वर्षी अटलांटा ऑलिंपिकमध्ये एकेरीचं रौप्य. वय १६, सतरावं लागायला आलेलं.

१९९९ मध्ये तिने ख्रिस्ती भक्तिगीतं गाणाऱ्या एका डच गायकाशी लग्न केलं, नेदरलँड्सला गेली आणि पुढे त्या देशाकडून खेळू लागली.

आता २००४ चं अथेन्स ऑलिंपिक बघा. महिला एकेरीची अंतिम लढत. एका बाजूला चीनची झांग निंग, दुसऱ्या बाजूला मिया ऑडिना. जकार्तात भेटलेल्या त्याच दोघी, दहा वर्षांनी. फक्त मियाच्या पाठीवर आता नेदरलँड्स लिहिलेलं. पहिला गेम मियाने ११-८ असा घेतला. पुढचे दोन झांगने ११-६, ११-७ असे जिंकले. झांगला सुवर्ण, मियाला पुन्हा रौप्य, या वेळी दुसऱ्या देशासाठी. नेदरलँड्सला बॅडमिंटनमध्ये ऑलिंपिक पदक मिळालंय ते तेवढं एकच.

तो सामना मी तेव्हा पाहिला होता. झांग जिंकल्यावर दोघी नेटपाशी आल्या तेव्हा मला सारखं ते जकार्ता आठवत होतं. दोघींनाही आठवलं असणारच.

ड्रॉपशॉट
अंगावर काटा आला. बॅकहँड दादा, तुमच्या पोस्टसाठी वेगळा धागा हवा.

कोर्टलाइन
मिया लग्न करून गेली, तिचं समजू शकतो. पण रानजाई, तुम्ही लोहचं उदाहरण घेतलंत म्हणून स्पष्ट लिहितो. सिंगापूरने १९९३ पासून परदेशी खेळाडू आणायची रीतसर योजना राबवली. टेबल टेनिसमध्ये चीनमधून मुली आणल्या, २००८ ला बीजिंगमध्ये सांघिक रौप्य घेतलं. १९६० नंतरचं त्यांचं पहिलं ऑलिंपिक पदक! पण त्यावर खुद्द सिंगापूरच्या लोकांमध्ये केवढा वाद झाला. हे पदक आमचं वाटत नाही, असं म्हणणारे तिथलेच होते. दुसऱ्याच्या शेतात पेरलेलं आपण कापून आणायचं, हा कसला खेळ? आणि ज्या स्थानिक मुलीने दहा वर्षं पहाटे उठून सराव केला, तिची संघातली जागा आयत्या आलेल्या खेळाडूला गेली, तर तिने कुणाकडे दाद मागायची? तिच्याबद्दल कुणीच लिहीत नाही.

पारिजातक
कोर्टलाइन, शेवटचा मुद्दा शंभर टक्के पटला. त्या मुलीचं दुःख खरं आहे.

बॅकहँड
मुद्दा रास्त आहे, पण त्यात लोह बसत नाही. तेविसाव्या वर्षी तयार खेळाडू आणून पुढच्या महिन्यात संघात घालणं वेगळं आणि तेरा वर्षांचं पोर शाळेत घालून वाढवणं वेगळं. पेरणी पेनांगला झाली असेल, पण खुरपणी, पाणी, राखण सगळं सिंगापूरला झालं. त्याचा मोठा भाऊ कीन हीनही सिंगापूरच्याच संघातून दुहेरी खेळलाय.

आणि एक गोष्ट विसरू नका. सिंगापूरमध्ये दुहेरी नागरिकत्व चालत नाही. म्हणजे मलेशियाचं नागरिकत्व सोडावं लागतं. शिवाय तिथल्या मुलांना सक्तीची लष्करी सेवा असते, ती लोहनेही केली. विशीच्या आसपासची जवळजवळ दोन वर्षं! बॅडमिंटनपटूच्या आयुष्यात ही दोन वर्षं म्हणजे काय, हे खेळणाऱ्याला विचारा. याच वयात पायात वेग भरतो, याच वयात मोठ्या स्पर्धांची सवय होते. त्याच्या वयाचे बाकीचे जगभर फिरून क्रमवारीत वर चढत होते. दत्तक देशाने त्याला दिलं तसं भरपूर मागूनही घेतलं. म्हणून त्याला आयता म्हणणं माझ्याच्याने होत नाही.

कोर्टलाइन
लष्करी सेवेचं माहीत नव्हतं. तेवढं मागे घेतो. योजनेबद्दलचं मत कायम.

हिशेबनीस
नियमांबद्दल दोन शब्द, कारण बऱ्याच जणांना वाटतं की पासपोर्ट बदलला की दुसऱ्या दिवशी नवी जर्सी. तसं नसतं. ऑलिंपिक सनदेप्रमाणे, एखादा खेळाडू ऑलिंपिकमध्ये, खंडीय स्पर्धेत किंवा जागतिक स्पर्धेत एका देशाकडून उतरला असेल आणि मग त्याने देश बदलला, तर आधीच्या देशाकडून शेवटचं खेळल्यापासून तीन वर्षं जावी लागतात. दोन्ही देशांच्या ऑलिंपिक समित्या आणि त्या खेळाचा आंतरराष्ट्रीय महासंघ यांनी संमती दिली तर ही मुदत कमी होऊ शकते. म्हणजे जुन्या देशाने अडवायचं ठरवलं तर खेळाडूची उमेदीची तीन वर्षं अडकू शकतात. आणि ऑलिंपिकसाठी नव्या देशाचं नागरिकत्व लागतंच लागतं.

ड्रॉपशॉट
हिशेबनीस, हे वाचून टोनी गुनावान आठवला! मी दुहेरीवाला, मला एकेरीपेक्षा त्याचीच गोष्ट सांगायचीय.

टोनी इंडोनेशियाचा. २००० च्या सिडनी ऑलिंपिकमध्ये चंद्रा विजयासोबत पुरुष दुहेरीचं सुवर्ण. २००१ ला हलीम हर्यांतोसोबत जगज्जेता. मग अमेरिकेला गेला. तिथे त्याला जोडीदार मिळाला हॉवर्ड बाक, जो स्वतः व्हिएतनाममध्ये जन्मलेला. २००५ ची जागतिक स्पर्धा अमेरिकेतच होती, कॅलिफोर्नियातल्या अनाहाइमला. ही जोडी अंतिम फेरीत पोचली आणि समोर कोण? इंडोनेशियाचे सिगित बुदियार्तो आणि चंद्रा विजया. म्हणजे ज्याच्या खांद्याला खांदा लावून ऑलिंपिक सुवर्ण घेतलं, तोच नेटच्या पलीकडे. तीन गेम झाले आणि टोनी-हॉवर्ड जिंकले. बॅडमिंटनच्या जागतिक स्पर्धेत अमेरिकेचं ते पहिलंवहिलं सुवर्ण.

दुहेरीत जोडीदाराची ओळख किती खोल असते हे खेळणाऱ्यांना ठाऊक असतं. तो सर्व्हिसला उभा राहिला की त्याच्या खांद्यावरून कळतं, आता छोटी देणार की मागे उंच फ्लिक करणार. टोनीला चंद्राची प्रत्येक लकब माहीत आणि चंद्राला टोनीची. अशा माणसाविरुद्ध खेळताना मन कुठे ठेवायचं?

आता नियमांचं बघा. २००५ ला टोनी अमेरिकेचा नागरिक नव्हता, तरी जागतिक स्पर्धेत खेळता आलं. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकला मात्र नागरिकत्व नाही म्हणून तो गेलाच नाही. हॉवर्ड बाक दुसरा जोडीदार घेऊन गेला. टोनीला नागरिकत्व मिळालं २०११ मध्ये. २०१२ ला लंडनला दोघे एकत्र खेळले तेव्हा टोनी ३७ वर्षांचा होता आणि ते गटातूनच बाहेर पडले. ऐन भरातली वर्षं कागदाची वाट बघण्यात गेली. मला आजही त्याची हळहळ वाटते.

जुना गडी
तुमच्या सगळ्यांच्या पोस्ट वाचल्या. मी खेळायचो तेव्हाची गुणपद्धत वेगळी होती. आपली सर्व्हिस असेल तरच गुण मिळायचा. पुरुषांचा गेम १५ चा, महिला एकेरीचा ११ चा. बॅकहँडने अथेन्सचे ११-६, ११-७ लिहिलेत ते त्या पद्धतीचे. २००६ पासून २१ ची पद्धत आली आणि प्रत्येक फुलाला, म्हणजे प्रत्येक रॅलीला, गुण मिळू लागला. नव्या पोरांना ११ वाचून वाटायचं की गेम अर्धाच झाला, म्हणून सांगितलं. आकडे लहान दिसतात, पण रॅलीमागून रॅली व्हायची आणि पाटीवर काही हलायचं नाही. दम निघायचा.

आता मूळ विषय. आपले प्रकाश पदुकोण १९८० ला ऑल इंग्लंड जिंकले आणि त्यानंतर डेन्मार्कला राहून खेळले. कोपनहेगनच्या क्लबात सराव, तिथेच मुक्काम. पण खेळले कायम भारताकडूनच. तेव्हा आम्हाला त्याचा फार अभिमान वाटायचा, अजून वाटतो. त्यामुळे माझ्या पिढीला देश बदलणं पचायला जड जातं, हे मोकळेपणी सांगतो.

पारिजातक
काका, प्रकाश सरांना भारताने अडवलं नव्हतं. ज्यांना संघातच घेत नाहीत त्यांनी काय करायचं? शू हुआईवेन चीनच्या ग्विलिनची. उंची कमी म्हणून चीनच्या संघात तिला भवितव्य नव्हतं. ती जर्मनीला गेली. २००५ आणि २००६ ला जागतिक कांस्य, २००६ आणि २००८ ला युरोपची विजेती. पी होंगयान चीनच्या चोंगचिंगची, आधी डेन्मार्क, मग फ्रान्स. तिने २००९ च्या जागतिक स्पर्धेत फ्रान्सला कांस्य मिळवून दिलं, आणि ते कुठे, तर आपल्या हैदराबादला. चीनकडे एकेरीच्या दहा मुली एकाच वेळी पहिल्या वीसात बसतील अशा असायच्या. त्यातल्या अकराव्या मुलीने रॅकेट खुंटीला टांगायची का?

जुना गडी
अकराव्या मुलीचा मुद्दा मी कधी मनात आणला नव्हता. बरोबर आहे तुझं. आणि याच्या उलटीही एक गोष्ट आहे, ती सांगतो.

हेंद्रावान. जन्म इंडोनेशियातल्या मलांगचा, वंशाने चिनी. सिडनी ऑलिंपिकचं रौप्य इंडोनेशियासाठी, २००१ चं जगज्जेतेपद इंडोनेशियासाठी. आणि एवढं करूनही त्याच्या नागरिकत्वाच्या कागदांचं भिजत घोंगडं पडलेलं. तिथल्या चिनी वंशाच्या लोकांना आपण इथलेच आहोत हे सिद्ध करणारा वेगळा दाखला लागायचा. जगज्जेत्याचीही त्यातून सुटका नव्हती. शेवटी २००२ मध्ये राष्ट्राध्यक्ष मेगावती यांनी लक्ष घातलं तेव्हा त्याचं काम मार्गी लागलं. त्याच वर्षी ग्वांगझूला थॉमस कपची, म्हणजे पुरुषांच्या सांघिक स्पर्धेची, अंतिम लढत मलेशियाशी २-२ अशी अडली. शेवटचा एकेरीचा सामना कुणी जिंकून दिला? हेंद्रावानने.

जन्मभूमीच जेव्हा परकं म्हणते तेव्हा खेळाडूच्या मनाला काय खात असेल? पुढे तो प्रशिक्षक म्हणून मलेशियाला गेला, ली चाँग वेईला शिकवलं. मी त्याला कधीच नावं ठेवू शकलो नाही. आता लिहिता लिहिता वाटतं, मग बाकीच्यांना का ठेवायची?

कोर्टलाइन
काका, ही गोष्ट मला माहीत नव्हती. डोकं सुन्न झालं.

वाटसरू
मी फेब्रुवारी २०१८ ला दिल्लीत सिरी फोर्टला इंडिया ओपनची अंतिम लढत बघायला गेलो होतो. सिंधू विरुद्ध अमेरिकेची बीवेन झांग. सगळं स्टेडियम सिंधूच्या बाजूने, मीही घसा बसेपर्यंत ओरडलो. पहिला गेम २१-१८ बीवेनला, दुसरा २१-११ सिंधूला. तिसरा २२-२० ने बीवेनने घेतला आणि क्षणात असं शांत झालं की तिच्या बुटांची करकर ऐकू आली. ती चीनमध्ये जन्मलेली, तेराव्या वर्षी सिंगापूरला गेलेली, काही वर्षं त्यांच्याकडून खेळलेली आणि मग अमेरिकेला गेलेली. म्हणजे तिसरा देश. कित्येक स्पर्धांना कोच नाही, सोबत कुणी नाही, एकटीच यायची.

त्या दिवशी चिडलो होतो. घरी येऊन तिच्याबद्दल वाचलं आणि राग विरघळला. टोकियो ऑलिंपिकला ती उपउपांत्यपूर्व फेरीत ही बिंगजिआओशी खेळत होती, मध्येच पायाची टाच-शीर तुटली, व्हीलचेअरवरून बाहेर न्यावं लागलं. मला वाटलं, झालं, संपली. पॅरिसला २०२४ मध्ये पुन्हा कोर्टवर उभी! हाडाची खेळाडू, दुसरं काय.

ड्रॉपशॉट
टाच-शीर म्हणजे अकिलीस टेंडन ना? ती तुटल्यावर परत उडी मारून स्मॅश करायचा म्हणजे कमाल आहे. माझ्या क्लबातल्या एकाची तुटली होती. आवाज एवढा मोठा झाला की आम्हाला वाटलं रॅकेट फुटली. त्याने बरा झाल्यावर पुन्हा खेळायला सुरुवात केली, पण एकेरी सोडली ती सोडलीच.

वाटसरू
तीच. आणि पॅरिसला खेळली तेव्हा ती चौतीस वर्षांची होती.

नीलमोहर
बरेच दिवस नुसती वाचत होते, आज लिहायला बसले कारण हा विषय माझ्या घरातला आहे.

माझी मुलगी दीड वर्षाची असताना आम्ही देश सोडला. आता ती पंधरा वर्षांची आहे आणि आम्ही राहतो त्या देशाच्या ज्युनियर संघात तिची निवड झालीय. सहाव्या वर्षापासून ती खेळतेय ती इथल्याच हॉलमध्ये, इथल्याच कोचकडे. तिला नागरिकत्व घ्यावं लागलं. भारतात दुहेरी नागरिकत्व नाही आणि भारताचा पासपोर्ट नसेल तर भारताकडून खेळता येत नाही, त्यामुळे हे एकदा केलं की ते दार बंद. ही जाणीव मला होती, तिला किती होती माहीत नाही. पासपोर्ट रद्द होऊन परत आला त्या दिवशी मी तो हातात घेऊन बराच वेळ बसले. आत तिचा दीड वर्षाचा फोटो, काजळाची तीट लावलेला, आणि बाहेर रद्दचा शिक्का.

संघाची जर्सी आली. पाठीवर आमचं आडनाव, आणि त्याच्या खाली दुसऱ्या देशाचं नाव. माझ्या सासऱ्यांना फोटो पाठवला. ते स्वतः तरुणपणी खेळायचे. दोन दिवस काही बोलले नाहीत. मग फोनवर तिला विचारलं, "बाळा, उद्या आपल्याविरुद्ध खेळायची वेळ आली तर?" ती म्हणाली, "आबा, समोरचीचा बॅकहँड कसा आहे तेवढंच बघायचं असतं." आबा थोडे थांबले आणि म्हणाले, "ते खरंय. पण जिंकलीस तर आधी मला फोन कर."

पदक कुणाचं, हे मला अजून सांगता येत नाही. एवढं सांगते की जो देश बदलतो तो काहीतरी मागे ठेवून जातो, आणि ते त्याच्या घरच्यांनाच दिसतं.

रानजाई
नीलमोहर ताई, तुमची पोस्ट तीनदा वाचली. काजळाच्या तीटेपाशी डोळे भरून आले. लेकीला खूप खूप शुभेच्छा आणि आबांना नमस्कार सांगा.

हिशेबनीस
ताई, अभिनंदन! यावरून आठवलं, आपली तनिषा क्रास्टो याच्या उलट. जन्म दुबईचा, पण नागरिकत्व भारताचं ठेवलं आणि खेळते भारताकडून. म्हणजे दोन्ही वाटा आहेत, आणि कुठली कुणाला मिळते हे बऱ्याचदा आईवडिलांच्या नोकरीवर आणि त्या त्या देशाच्या कायद्यावर ठरतं. पोरांच्या हातात त्यातलं फार थोडं असतं.

पारिजातक
आणि ज्यांना कुठलाच देश नाही ते? टोकियो ऑलिंपिकच्या पुरुष एकेरीत एक गट होता : इंडोनेशियाचा जोनाथन क्रिस्टी, आपला हा लोह कीन यू आणि अराम महमूद. अराम सीरियातल्या दमास्कसचा, युद्धामुळे नेदरलँड्सला गेलेला, आणि ऑलिंपिकला उतरला निर्वासितांच्या संघातून. तीन पोरं एका गटात. एक जन्मभूमीसाठी खेळणारा, एक दत्तक देशासाठी, आणि एकाच्या छातीवर ऑलिंपिकची पाच वर्तुळं. पॅरिसलाही तसंच, इराणमधून बाहेर पडलेली दोरसा यावरीवफा निर्वासितांच्या संघातून बॅडमिंटन खेळली.

त्या गटाचा कागद मी जपून ठेवलाय.

बॅकहँड
पारिजातक, हा गट माझ्या नजरेतून निसटला होता. मनापासून आभार.

लोहबद्दल लिहायचं राहिलं होतं ते आता लिहितो. हुएल्वाला त्याला मानांकनही नव्हतं. पहिल्याच फेरीत समोर ऑलिंपिक विजेता व्हिक्टर अ‍ॅक्सेलसन. पहिला गेम गमावून त्याने तो सामना जिंकला. याच अ‍ॅक्सेलसनने काही आठवड्यांपूर्वी त्याला आणि आपल्या लक्ष्य सेनला दुबईला सरावासाठी बोलावलं होतं. म्हणजे डेन्मार्कचा खेळाडू, दुबईतलं कोर्ट, मलेशियात जन्मलेला सिंगापूरचा मुलगा आणि अल्मोड्याचा आपला लक्ष्य. बॅडमिंटनचं खरं घर हे असं आहे. पुढे उपांत्यपूर्व फेरीत त्याने आपल्या प्रणॉयला हरवलं आणि अंतिम फेरीत श्रीकांतला. जागतिक स्पर्धेत विजेत्याला बक्षिसाची रक्कम नसते, फक्त पदक. पैशासाठी देश बदलला म्हणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं.

महिन्याभराने, जानेवारी २०२२ मध्ये, दिल्लीत इंडिया ओपनच्या अंतिम फेरीत लक्ष्यने त्याला २४-२२, २१-१७ असं हरवलं. रानजाई, श्रीकांतची सल असेल तर तो सामना लावा. पॅरिसला लोह उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेला, तिथे परत अ‍ॅक्सेलसननेच अडवलं. सिंगापूरचा पुरुष खेळाडू त्याआधी तिथवर पोचला होता तो २००४ ला, रोनाल्ड सुसिलो, ज्याने अथेन्सला पहिल्याच फेरीत चीनच्या लिन डॅनला घरी पाठवलं. आणि सुसिलो जन्माने इंडोनेशियाचा!

कोर्टलाइन
आज पूर्ण धागा सलग वाचला. माझा राग खेळाडूंवर नव्हताच, हे लिहिताना मला कळायला हवं होतं. राग आहे तो मुलांना पारखून नेणाऱ्या आणि गरज संपली की विचारेनासं होणाऱ्या यंत्रणांवर, मग त्या नव्या देशाच्या असोत की जुन्या. हेंद्रावानचं उदाहरण तर जुन्याचंच. त्या स्थानिक मुलीबद्दलचं माझं म्हणणं मात्र तसंच ठेवतो. तिच्यासाठी कुणीतरी भांडायला हवं.

रानजाई
कोर्टलाइन, ते तसंच राहू द्या, धाग्याला त्याची गरज आहे.

बॅकहँडने सुचवलेला लक्ष्यचा सामना पाहिलाच, पण त्याआधी हुएल्वाची शेवटची पाच मिनिटं पुन्हा एकदा लावली. या वेळी दोघांच्याही बाजूने बसून. २०-२० ला श्रीकांतने घाम पुसला, लोहने रॅकेटच्या तारा बोटांनी सरळ केल्या. त्या तारा सरळ करणाऱ्या बोटांना कुठला देश लागतो, असं मनात येऊन गेलं. आणि पुढच्याच क्षणी श्रीकांतचं फूल बाहेर गेलं तेव्हा पोटात तितकंच तुटलं जितकं २०२१ ला तुटलं होतं. मला श्रीकांत जिंकायला हवा होता, आजही हवाय. आणि लोहने ते पदक कुणाचंही हिरावून घेतलेलं नाही, हेही तितकंच खरं वाटतं. दोन्ही एकाच मनात राहतंय, त्याला मी काय करू.

जुना गडी
राहू दे. मी चाळीस वर्षं तसंच बघत आलोय, आज नाव मिळालं.

नीलमोहर
सगळ्यांच्या शुभेच्छांबद्दल मनापासून आभार. आज तिचा पहिला सामना झाला. पहिला गेम १९-२१ गेला, पुढचे दोन तिने जिंकले. हॉलमधून बाहेर यायच्या आधी, अजून बूटही काढले नव्हते, तिने आबांना फोन लावला. त्यांच्याकडे रात्रीचे अडीच वाजले होते. पहिल्याच रिंगला उचलला. सासूबाई सांगत होत्या, सामना मोबाइलवर दिसत होता आणि तिसरा गेम त्यांनी उभं राहून पाहिला.